हातानं तोडलेला पाव

मंगळवारी रात्री इस्त्रीचं टेबल उघडायचं,
त्यावर जुनी चादर, चादरीवर पाव.
उरलेला फ्रिजच्या डोक्यावर, वॉशिंग मशीनवर,
आणि मांजराला तळघरात कोंडायचं.
गुरुवारपर्यंत पाव शिळा व्हायला हवा.
नुसता शिळा नाही,
रुसलेल्या माणसासारखा: वरून कडक,
आतून अजून थोडं ऐकून घेणारा.

बाबा पावाचा ट्रक चालवायचे, टोलेडोच्या पूर्वेला.
न खपलेला माल संध्याकाळी आमच्या स्वयंपाकघरात.
वर्षभर डब्यात त्याची लाज वाटायची,
नोव्हेंबरात मात्र तोच पाव मानाचा.

कृती कुणी लिहून ठेवलेली नाही.
कांदा, डोळे पुसावे लागतील इतका.
सेलरी त्याच्या निम्मी, पाल्यासकट.
लोणी, डॉक्टरांना सांगता येणार नाही एवढं.
कांदा लाल करायचा नाही,
तो फक्त हट्ट सोडेपर्यंत परतायचा.
मग सेज, दोन्ही तळहातांत चोळून.
दिवसभर हात कशालाही लावा,
दाराच्या कडीला, पोरांच्या गालाला,
सगळीकडे तोच वास.
अंडं नाही.
अंड्यावरून ग्वेनचं आणि तिच्या सासूचं
एकदाच, पण कायमचं बोलून झालंय.

आणि एक नियम, दगडावर कोरलेला:
पाव हातानं तोडायचा.
सुरी लावायची नाही.

रॉय म्हणतो, फाटलेली कड रस जास्त पिते.
ग्वेन म्हणते, येशूनं पाव मोडला, कापला नाही.
मी माझ्या मुलांना दोन्ही सांगितलंय,
ज्या वर्षी जे आठवेल ते.

यंदा रॉयची नात ब्रिन, वय एकोणीस,
करवतीच्या दातांची सुरी घेऊन बसली
आणि भराभर चौकोन पाडू लागली,
एकसारखे, जुगाराच्या फाशांसारखे.
"सुरी ठेव," आम्ही तिघं एकदम.
"का?"

रॉयनं घसा खाकरला.
तेवढ्यात खिडकीजवळच्या खुर्चीतून आई,
एक्क्याण्णव वर्षांची अर्डिस,
जिचं कानातलं यंत्र बहुतेक वेळा ड्रॉवरमध्येच असतं:
"अगं, पोरं पाच होती आणि सुरी एक.
तीही माझ्या हातात, कांद्यात.
यांना काही काम दिलं नसतं
तर एकमेकांना चावली असती."

साठ वर्षांचा रस पिणारा सिद्धांत
परातीत तसाच पडून राहिला.
मांजर तळघरातून ओरडलं.
ब्रिननं सुरी धुतली, खणात ठेवली,
आणि बाही सारून आमच्यात येऊन बसली.
का, ते मी विचारलं नाही.

तोडता तोडता लिनेट म्हणाली,
टेरी किती आळशी होता, आठवतंय?
आठवत होतं. त्याचे तुकडे मुठीएवढे.
शिजल्यावरही मधे पांढरे, कोरडे राहायचे,
आणि ज्याच्या ताटात येईल तो ओरडायचा: "टेरी!"
तीन वर्षं झाली, टेरी फोन उचलत नाही.
नंबर तोच आहे.
वाजतो.

मान आणि काळीज उकळलेलं पाणी
थोडं थोडं ओतायचं, हातानंच कालवायचं.
कच्चंच चाखायचं. मीठ. पुन्हा चाखायचं.
टर्कीच्या पोटात भरताना दाबायचं नाही,
सारण फुगतं,
त्यालाही हलायला जागा लागते.

शेवटचा तुकडा मी तोडला नाही.
मुठीएवढा तसाच आत ढकलला, खोल,
कुणी बघत नाही असं बघून.

जेवताना तो नेमका आईच्या ताटात आला.
कुणी ओरडलं नाही.
तिनं तो काट्यानं उलटा केला, सुलटा केला,
ताटाच्या कडेला सारला,
बटाटे संपवले, घेवडा संपवला,
रॉयची दाताच्या डॉक्टरची गोष्ट पूर्ण ऐकली.
मग ग्रेव्हीचं भांडं मागितलं,
आणि तुकड्यावर ओतत राहिली,
ओतत राहिली,
तो मऊ होईपर्यंत.